आधी सूत दाखवा, मग स्वर्ग गाठा!

टोपी घातली, पाइप धरला, डोळ्याला भिंग लावलं. झालं शेरलॉक होम्सचं विडंबन? मग ‘आमच्या स्किटला कुणी हसलं का नाही?’ असं इतके जण का विचारताय?

वेशभूषेचं पटकन उरकूया. ती कान झाकणारी टोपी रूढ झाली होम्सकथांची चित्रं काढणाऱ्या सिडनी पॅजेटमुळे, १८९१ पासून. वाकडा पाइप रंगभूमीवरून आला. आणि ‘एलिमेंटरी, माय डिअर वॉटसन’ हे होम्स आपल्या जोडीदाराला, वॉटसनला ऐकवतो म्हणून गाजलेलं वाक्य तर लेखक आर्थर कॉनन डॉयलच्या साठही होम्सकथांत जसंच्या तसं कुठेच नाही! म्हणजे टोपीची टिंगल केलीत तर ती होम्सची नाही, नक्कलेची नक्कल झाली.

खरी गंमत तर्कात आहे. सुतावरून स्वर्ग गाठणं हा होम्सचा धंदा. त्यामुळे सूत खरं हवं. डिटेक्टिव्हला पहिल्या वाक्यापासून बावळट केलंत की संपलं. हे बघा:

‘बाहीवर खडूची भुकटी, बोटाला लाल शाई, डोळे तांबारलेले. तुम्ही शिक्षक. रात्रभर पेपर तपासलेत. आणि घरी भांडून आलात.’

‘हो, तुझ्याशीच. दादा आहे मी तुझा.’

एकही तर्क चुकलेला नाही! चुकलाय फक्त माणूस ओळखायला. खुणा तीनच ठेवा. एका खुणेनं लय बसत नाही, सहा झाल्या की प्रेक्षक मोबाइल काढतो.

आता कॅमेरा. खडू आणि शाई आधी क्लोजअपमध्ये दाखवा, संवाद नंतर. उलटं केलंत तर खूण आयत्या वेळी घुसडल्यासारखी वाटते. १९७६च्या ‘मर्डर बाय डेथ’ या डिटेक्टिव्हांची थट्टा करणाऱ्या सिनेमात यजमान सगळ्या नामवंत डिटेक्टिव्हांना शेवटी झापतो ते याचसाठी: पुरावे दडवता, आधी नसलेली पात्रं शेवटी आणता! तिथे थट्टा कथेच्या युक्तीची आहे, मिशीची नाही.

‘पण मूर्ख होम्स चालतो की, १९८८चा ‘विदाउट अ क्लू’ सिनेमा बघा,’ असं कुणीतरी लिहिणारच. बघा ना! तिथे होम्स हा भाड्याचा नट आहे, पण वॉटसन खरा हुशार. तर्क कुणीतरी सांभाळतोच. दोघंही ढ असते तर रहस्यच उरलं नसतं.

अभिनयातही तेच. डिटेक्टिव्ह गंभीर, वॉटसन त्याहून गंभीर. ‘दादा आहे मी तुझा’ यावर वॉटसन हसला की मेलात. त्यानं वही काढायची आणि लिहून घ्यायचं: ‘संशयित, भाऊ असल्याचा दावा करतो.’