९० दिवस झाले, चार्जशीट नाही: मग केस संपली का?

नमस्कार मंडळी. मागच्या व्हिडिओखाली एकच प्रश्न पुन्हा पुन्हा आलाय. "मॅडम, ९० दिवस होऊन गेले, पोलिसांनी चार्जशीट टाकलं नाही. केस संपली का?" नाही हो, संपली नाही. आज यावरच बोलते.

एफआयआर, तपास, मग दोषारोपपत्र (हेच ते चार्जशीट, तपासाअंती आरोपीवरचे आरोप मांडून पोलीस कोर्टात देतात तो अहवाल), हा क्रम तुम्हाला ठाऊक आहे, त्यात वेळ घालवत नाही.

हे ६० आणि ९० दिवस येतात भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७ मधून. जुन्या सीआरपीसीत, म्हणजे आधीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत, हेच १६७ होतं. आरोपी कोठडीत असेल तर फाशी, जन्मठेप किंवा १० वर्षं आणि त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात ९० दिवसांत, बाकीच्यांत ६० दिवसांत दोषारोपपत्र यायला हवं. नाही आलं तर आरोपी जामीन मागतो आणि कोर्टाला तो द्यावाच लागतो. पण माणूस जामिनावर सुटला, गुन्ह्यातून नाही. तपास चालूच राहतो.

एका दादांनी लिहिलंय, आमच्याकडच्या चोरीला चार महिने झाले, आरोपी सापडला नाही, मुदत गेली. दादा, अटकच नाही तर ही मुदत सुरूच झालेली नाही.

माझ्याकडे एक मावशी आल्या होत्या. ठेवीचे पैसे बुडालेले. भिंतीवरचं कॅलेंडर गुंडाळून सोबत आणलेलं, रोजच्या तारखेवर पेनाने फुली. नव्वदावी फुली मारून आल्या आणि म्हणाल्या, "आता काही होणार नाही ना?" त्यांना कुणीतरी ठाण्यात तसं सांगितलं होतं. मला अजून त्याचा राग येतो. कारण फिर्यादीसाठीचे ९० दिवस वेगळेच आहेत! कलम १९३ प्रमाणे तपास कुठवर आला हे ९० दिवसांत फिर्यादीला किंवा पीडिताला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. म्हणजे ज्या दिवशी मावशींनी पोलिसांना जाब विचारायचा, त्याच दिवशी त्या आशा सोडून बसल्या होत्या.

तपास रखडलाय असं वाटलं तर आधी पोलीस अधीक्षकांना लेखी अर्ज द्या, पोच घ्या. मग शपथपत्रासह न्यायदंडाधिकाऱ्यांकडे, कलम १७५(३) खाली. थेट हायकोर्टात धावू नका. २००८ च्या साकिरी वासू निकालात सुप्रीम कोर्टाने हाच मार्ग दाखवलाय. तपास नीट होतोय का, यावर दंडाधिकारी लक्ष ठेवू शकतात.

मात्र "अमक्यावर चार्जशीट टाका" असा हुकूम कोर्ट पोलिसांना देत नाही. १९६७ च्या अभिनंदन झा निकालापासून हे ठरलेलं आहे. पोलिसांचं मत पटलं नाही तर कोर्ट पुढील तपास सांगतं, किंवा स्वतःच गुन्ह्याची दखल घेतं.

आणि पोलिसांनी समरी, म्हणजे केस बंद करा असं सांगणारा अहवाल, कोर्टाकडे पाठवली तर? 'अ' म्हणजे गुन्हा खरा, पण आरोपी मिळाला नाही. 'ब' म्हणजे फिर्यादच खोटी. 'क' म्हणजे गैरसमजातून दिलेली किंवा दिवाणी स्वरूपाची. ती मंजूर करण्याआधी फिर्यादीला नोटीस देऊन म्हणणं ऐकावंच लागतं, हे १९८५ च्या भगवंत सिंग निकालापासून पक्कं आहे. म्हणून नोटीस आली की नुसती सही करून कपाटात ठेवू नका. त्यावरची तारीख वाचा आणि त्या दिवशी कोर्टात उभे राहा.

मावशींना 'क' समरीची नोटीस आली. त्या गेल्या, हरकत घेतली, बँकेच्या पावत्या दाखवल्या. कोर्टाने पुढील तपासाचा आदेश दिलाय.