धूर दिसला म्हणून

(ड्रोन. वेचून झालेलं कपाशीचं शेत, बांधापलीकडे धूर.)

चाळीसगाव तालुका, हिवाळ्यातली सकाळ. बांधापलीकडे काय आहे ते इथून दिसत नाहीये, ड्रोनही अजून तिथवर गेलेला नाही, पण कॅमेऱ्याशेजारी उभे असलेले आप्पा एक नजर टाकून मोकळे झाले, "तठे भरीत चालू शे." जाळ पाहिला नाही, वांगी पाहिली नाहीत, नुसता धूर. भरीत हा त्यांचा जास्तीचा अंदाज आहे, त्यात सीझनचाही वाटा असणार, ते सोडून देऊ. आपण जाळापुरतंच बोलू.

धुरावरून जाळ ओळखणं याला न्यायदर्शनात, म्हणजे तर्काच्या जुन्या भारतीय शास्त्रात, अनुमान म्हणतात. प्रत्यक्ष, अनुमान, उपमान, शब्द अशी चार प्रमाणं, म्हणजे खरं ज्ञान मिळवायचे मार्ग, गौतमाच्या न्यायसूत्रांत मानलीत, त्यातलं हे दुसरं. आता धूर इथे दिसतोय आणि जाळ दिसत नाहीये, मग एकावरून दुसऱ्यावर उडी मारली कशाच्या जोरावर? तर जिथे जिथे धूर तिथे तिथे अग्नी, या कधीच न मोडणाऱ्या संबंधाच्या जोरावर. हा संबंध म्हणजे व्याप्ती. व्याप्ती माहीत नसलेल्या माणसाला तोच धूर दिसेल, पण त्याला कळणार काहीच नाही.

(आप्पा, क्लोजअप.)

स्वतःला कळायचं असेल तर हे सगळं डोक्यात एका क्षणात होऊन जातं, त्याला स्वार्थानुमान म्हणतात. दुसऱ्याला पटवायचं असेल तर मात्र पाच वाक्यं लागतात. आम्ही आप्पांना ती कॅमेऱ्यासमोर म्हणायला लावली, ऐका. तिकडे जाळ आहे. कारण तिकडे धूर आहे. जिथे धूर तिथे जाळ, जशी आपली चूल. तसाच धूर तिकडेही आहे. म्हणून तिकडे जाळ आहे. याच क्रमाने त्यांची नावं: प्रतिज्ञा, हेतू (म्हणजे कारण म्हणून दाखवलेली खूण), उदाहरण, उपनय, निगमन. ग्रंथांत शेताच्या जागी डोंगर असतो आणि चुलीच्या जागी स्वयंपाकघर, बाकी काही बदलत नाही. मला स्वतःला यातली चूल फार आवडते. नुसता नियम सांगून हे लोक थांबत नाहीत, नियम जिथे प्रत्यक्ष दिसलाय अशी एक तरी जागा दाखव म्हणतात. आणि उलट बाजूला तळं, तिथे जाळ नाही आणि धूरही नाही.

(भरताची जागा. पऱ्हाट्यांवर वांगी.)

आता हा शॉट नीट बघा, याच्यासाठीच आम्ही थांबलो होतो. वाळलेल्या काड्या पेटल्यात, जाळ मस्त आहे आणि धूर जवळपास नाहीच. मग एकाने दवात भिजलेल्या काड्या टाकल्या आणि सगळे डोळे चोळत मागे सरकले. म्हणजे धूर असेल तर जाळ असतोच, पण जाळ असेल तर धूर असेलच असं नाही. जाळाचा पसारा मोठा, धुराचा छोटा, म्हणून जाळ व्यापक आणि धूर व्याप्य. ग्रंथांत यासाठी तापलेल्या लोखंडाच्या गोळ्याचं उदाहरण देतात, आम्हाला ते गावातल्या लोहाराकडे मिळालं. (लालबुंद लोखंड, ऐरण.) आग आहे, धूर नाही.

"जिथे जाळ तिथे धूर" हे वाक्य खरं व्हायला ओलं सरपण लागतं. या गुपचूप शिरलेल्या अटीला उपाधी म्हणतात. उपाधी सापडली की व्याप्ती गेली, अनुमानही गेलं. व्हॉट्सॲपवर रोज जे "अमुक केलं म्हणून तमुक झालं" येतं ना, त्यातल्या बहुतेकांचं ओलं सरपण पाच मिनिटांत सापडतं, शोधणारा पाहिजे फक्त.

(पावसाळ्यातलं फुटेज. गिरणा, दोन्ही काठ भरून.)

न्यायसूत्रांतच एक शंका आहे. नदीला पूर दिसला म्हणून वर पाऊस झाला असं म्हणता, पण पाणी कुठे अडलं असेल तर? मुंग्या अंडी घेऊन निघाल्या म्हणून पाऊस येणार म्हणता, पण त्यांचं वारूळ कोणी मोडलं असेल तर? गिरणाकाठच्या माणसाला हे वेगळं समजावायला नको, धरणाचे दरवाजे उघडले की इकडे आभाळ कोरडं असलं तरी पाणी वाढतं. यावर उत्तर असं की नुसतं वाढलेलं पाणी हा हेतूच नाही. पाणी आधीपेक्षा वेगळं दिसतंय का, ओढ वाढली का, फेस, पानं, फळं, लाकडं वाहून येतायत का, हे सगळं मिळून हेतू होतो. खूण चुकली तर दोष बघणाऱ्याचा, अनुमानाचा नाही.

(पाटणादेवी. डोंगर, देऊळ, दगडी खांब.)

आणि हे आपण इथे का सांगतोय, तर चाळीसगाव तालुक्यातल्याच या पाटण गावामुळे. गणिती भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी, त्याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला इथे मठ काढला. शके ११२८ चा शिलालेख आहे, म्हणजे तेराव्या शतकाची अगदी सुरुवात. भास्कराचार्य नेमके कुठे जन्मले तो वाद विद्वानांना लखलाभ. आमचं लक्ष मधल्या पिढीकडे आहे. चांगदेवाचा बाप लक्ष्मीधर, त्याला याच लेखात तार्किकचक्रवर्ती, म्हणजे तर्क जाणणाऱ्यांचा सम्राट, म्हटलंय, आणि राजा जैत्रपाळाने त्याला इथून नेऊन पंडितांमध्ये वरचं स्थान दिलं. गणितासाठी पाटणचं नाव घेतात, घ्यायलाच पाहिजे, पण तर्काचं नाव कोणी काढत नाही. लेखाचा शेवटचा भाग जुन्या मराठीत आहे, मठाला काय काय द्यायचं त्याची यादी, त्यात गावातल्या तेलाच्या घाण्यांमागे पळी पळी तेलसुद्धा आहे. म्हणजे बाजारातून शाळा चालायची!

पुढे चौदाव्या शतकात मिथिलेत गंगेशाने तत्त्वचिंतामणी हा न्यायाचा ग्रंथ लिहिला, व्याप्तीच्या एकेका व्याख्येवर शेकडो वर्षं वाद झाले, व्याकरण आणि धर्मशास्त्रवाल्यांनीही ती भाषा उचलली. मिथिला लांब आहे, ते आम्ही शूट केलेलं नाही. ज्याला स्वतः वाचायचंय त्याने अन्नंभट्टाच्या तर्कसंग्रहापासून सुरुवात करा, पुस्तक छोटंसं आहे, मराठीत अर्थासह मिळतं, आणि अनुमानाच्या प्रकरणात तोच धूर आणि तेच स्वयंपाकघर भेटेल.