मावशी, लेणं आणि सरकतं ऊन

नमस्कार श्रोतेहो. घारापुरीला तुम्ही गेलाच असाल, निदान शाळेच्या सहलीत. या सहली म्हणजे अर्धा तास लेणी, अर्धा तास माकडं आणि मग भेळ. मुलांना लेण्यात नुसतं बसू द्यायचं कुणाला सुचतच नाही. असो.

मला सांगायचंय ते मावशीबद्दल. गेटवेवरून सकाळची लाँच धरून आम्ही पोचलो. पायऱ्या चढेपर्यंत मावशीचे गुडघे बोलायला लागले. मोठ्या लेण्यात, त्या सुमारे १८ फुटी सदाशिवासमोर, ज्याला आपण त्रिमूर्ती म्हणतो, ती खांबाला टेकून बसली. "तुम्ही फिरा रे, मी इथेच." आम्ही बाकीची लेणी पाहिली, डबे खाल्ले, दुपारी परत आलो. मावशी तिथेच!

म्हणाली, "अरे, हा देव सकाळपासून हलतोय."

आम्ही हसलो. ती चिडली. "आलो तेव्हा डावीकडचं ते नागवालं उग्र तोंड उजळलं होतं. आता ते झोपलंय आणि उजवीकडची कमळवाली बाई जागी झालीय. मधला तेवढा डोळे मिटून तसाच."

लेणं तीन बाजूंनी उघडं आहे. सकाळी उजेड पूर्वेच्या चौकातून येतो, दुपारी पश्चिमेच्या. दगड जागेवरच होता, श्रोतेहो. पुन्हा सांगतो, दगड जागेवरच होता. सरकलं होतं ते ऊन. आणि ते बघायला मावशी बसून होती. बाकी सगळे देवाकडे पाठ करून सेल्फी काढत होते!

रशियाचा दिग्दर्शक आंद्रेई तार्कोव्स्की सिनेमाला काळातलं शिल्पकाम म्हणायचा. शिल्पकार दगड काढून टाकतो, दिग्दर्शक नको असलेला काळ. घारापुरीतही बाहेरून आणून काही रचलेलं नाही. डोंगर आतून कोरत नेला, उरला तो देव.

आपल्याकडे दिग्दर्शक मणी कौलांचा 'उसकी रोटी' हा सिनेमा आहे, १९६९ चा. एक बाई ड्रायव्हर नवऱ्याची रोटी घेऊन रस्त्यावर त्याच्या बसची वाट बघते. गोष्ट एवढीच. पुष्कळ जण मध्येच उठून जातात.

मावशीला तो दाखवला. अर्ध्या तासाने हळूच वळून पाहिलं, म्हटलं झोपली असणार. टक्क जागी! काही विचारणार तोच माझ्या मांडीवर चापट मारून म्हणाली, "गप रे. तिच्या तोंडावरचं ऊन सरकतंय, बघू दे."