मायलेकींची कॅसेट

(दृश्य: टेबलावर काळी व्हिडिओ कॅसेट. पुठ्ठ्याच्या खोक्याचे कोपरे मऊ पडलेत.)

बाजूचं छोटं बटण दाबलं की पुढची झडप उघडते आणि आतली अर्ध्या इंचाची फीत दिसते. काळपट, चकचकीत. १९८०च्या दशकाअखेरीस अमेरिकेतल्या घराघरात टीव्हीखाली अशा कॅसेटींची चळत असायची. त्यातलीच ही एक. हिच्यात 'द जड्स' या जोडीच्या गाण्यांचे व्हिडिओ आहेत, एकामागून एक.

नेओमी जड आणि वायनोना जड. केंटकी राज्यातल्या अ‍ॅशलंडच्या मायलेकी. वायनोना जन्मली तेव्हा नेओमी अवघ्या १८ वर्षांची होती. म्हणून पडद्यावर त्या बहिणी वाटतात, आणि रेडिओवर तर कोण आई, कोण मुलगी हे ओळखणंच अवघड. कारण भारदस्त, मुख्य आवाज लेकीचा आहे. आई साथीला.

गंमत म्हणजे हे सुरू झालं ते टीव्ही नसलेल्या घरात. ७०च्या दशकात या दोघी आणि नेओमीची धाकटी लेक अ‍ॅशली केंटकीतल्या मोरिल नावाच्या खेड्यात राहत होत्या. घरात टीव्ही नाही, फोन नाही. वायनोनाच्या हातात गिटार आली आणि संध्याकाळी मायलेकी सूर जुळवत बसायला लागल्या.

पुढे नेओमी टेनेसी राज्यातल्या नॅशव्हिल शहराजवळ एका इस्पितळात नर्स झाली. पाळी संपवून घरी यायची आणि स्वस्तातल्या टेपरेकॉर्डरवर दोघी गाणी भरायच्या. तिच्या वॉर्डात ब्रेंट माहेर या संगीत निर्मात्याची अपघातात जखमी झालेली मुलगी दाखल होती. नेओमीनं तिची शुश्रूषा केली आणि मग आपल्या गाण्यांची कॅसेट त्याच्या हातात ठेवली. ती त्याने ऐकली! १९८३ साली आरसीए या रेकॉर्ड कंपनीच्या अधिकाऱ्यांसमोर, त्यांच्याच ऑफिसात, या दोघी एका गिटारीवर गायल्या आणि करार झाला.

(दृश्य: कॅसेट व्हीसीआरमध्ये जाते. पडद्यावर मुंग्या, मग चित्र.)

वेळ अगदी जुळून आली. त्याच वर्षी मार्चमध्ये सीएमटी आणि टीएनएन या कंट्री संगीताच्या (अमेरिकेच्या ग्रामीण भागातून आलेल्या लोकप्रिय गाण्यांच्या) टीव्ही वाहिन्या सुरू झाल्या होत्या. लोकांना आता गाणं ऐकायचं नव्हतं फक्त, बघायचंही होतं. आणि जड्सच्या बाबतीत बघण्यासारखं खरंच होतं. वायनोना गिटार घट्ट धरून, जरा बुजून उभी. नेओमी मात्र घेरदार झग्यात गिरक्या घेतेय, लोकांकडे बघून हसतेय. पण ओळीचा शेवट आला की ती लेकीकडे वळते. दोन आवाजांना एकत्र थांबायचं असतं ना, श्वास एकत्र सोडायचा असतो. रेडिओवर ते जुळलेलं ऐकू येतं. कसं जुळतं, ते मला इथे दिसलं.

या जोडीची १४ गाणी अमेरिकेच्या कंट्री यादीत पहिल्या क्रमांकावर गेली. 'मामा ही'ज क्रेझी', 'व्हाय नॉट मी', 'ग्रँडपा'. तिन्हींना ग्रॅमी मिळालं.

या कॅसेटवर 'ग्रँडपा' लागलं की चित्र थोडं हलतं, खाली पांढऱ्या रेघा येतात. पुन्हा पुन्हा मागे नेलेल्या जागी फीत अशी झिजते. ज्यांच्या घरी ही होती, त्यांचं आवडतं गाणं कोणतं, हे विचारायला नको.

(आपल्याकडे अशी कॅसेट कुणी अमेरिकेहून आणली, तर साध्या व्हीसीआरवर धड चालत नसे. टीव्हीचं चित्र दाखवायची तिथली पद्धत 'एनटीएससी', आपली 'पाल'. चित्र घरंगळायचं, रंग उडायचे, गाणं मात्र ऐकू यायचं.)

१९९० साली नेओमीला यकृताचा गंभीर आजार निघाला. हेपटायटिस सी. नर्स असताना सुई टोचून तो झाला, असं ती सांगायची. त्याच वर्षी आलेलं 'लव्ह कॅन बिल्ड अ ब्रिज' हे गाणं लिहिणाऱ्यांत ती स्वतः होती. ४ डिसेंबर १९९१ला टेनेसीतल्या मर्फ्रीझबरोच्या मर्फी सेंटरमध्ये निरोपाचा कार्यक्रम झाला. देशभर लोकांनी पैसे भरून तो घरबसल्या पाहिला.

त्यानंतरही त्या अधूनमधून एकत्र आल्या. ११ एप्रिल २०२२ला नॅशव्हिलमध्ये, कंट्री संगीतातल्या मान्यवरांचा सन्मान करणाऱ्या 'कंट्री म्युझिक हॉल ऑफ फेम' या संस्थेच्या इमारतीबाहेर, दोघींनी हेच गाणं म्हटलं. ३० एप्रिलला नेओमी गेली. मानसिक आजाराने आमची आई नेली, असं लेकींनी जगाला स्पष्ट सांगितलं. आजार झाकला नाही, याचा मला फार आदर वाटतो. दुसऱ्याच दिवशी हॉल ऑफ फेमचा सन्मान होता. तो घ्यायला वायनोना गेली, शेजारी अ‍ॅशली उभी होती.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये वायनोना पुन्हा मर्फी सेंटरमध्ये गायली. तीच जागा, १९९१चीच गाणी. आईचे सूर त्या रात्री इतर गायिकांनी उचलले.

(दृश्य: कॅसेट पुन्हा सुरुवातीपर्यंत मागे जाते. खट् असा आवाज. चित्र.)

गिटार वाजते. नेओमी एक गिरकी घेते, झगा फिरतो, आणि ती लेकीकडे वळते.