टँकर, मृग आणि इंग्रजी हायकू

नमस्कार मंडळी. विषय ऐकूनच काही जणांनी रेडिओचा कान पिळायला हात पुढं केला असंल, की बाबा इथं सोयाबीनच्या भावाचं काही सांगा, हे इंग्रजी हायकू कुठनं काढलं. थांबा जरा. ज्यांना इंग्रजीची भीती वाटते त्यांच्यासाठीच आज बोलायलोय, कारण इंग्रजीत लिहायच्या सगळ्या प्रकारांमधी सगळ्यात कमी इंग्रजी कशाला लागत असंल तर ते हायकूला, म्हणजे मूळच्या जपानी इवल्याशा कवितेला. आठ-दहा शब्द. त्यात पण निम्मे 'ए', 'द' आणि 'ऑन'. बाकी जे लागतं ते तुमच्या गावातच पडलेलं आहे, फक्त तिकडं बघायची सवय पाहिजे.

हायकू आपल्याला तसा नवा नाही. शिरीष पैंनी १९७५च्या आसपास तो मराठीत आणला, रुजवला, म्हणून आपल्या डोक्यात हायकू म्हणजे तीन ओळी आणि त्यातल्या दोन ओळींना यमक असं बसलंय. इंग्रजीत यमक बहुतेक नसतंच. आणि मूळ जपानीत तर तीन ओळी पण नसतात, एकच उभी ओळ वरून खाली लिहितात, तिचे आवाजाचे तुकडे पाच-सात-पाच असे पडतात आणि बेरीज होते सतरा.

या सतरानं लई घोळ घातलाय. इंग्रजीच्या पुस्तकात पोरांना सांगतात की सतरा सिलॅबल, म्हणजे एका दमात उच्चारायचे शब्दाचे तुकडे, मोजा, झाला हायकू. मग पोरं बोटं मोजत बसतात आणि एक सिलॅबल कमी पडलं की मधी 'व्हेरी' टाकतात, दोन कमी पडले की 'गोल्डन' टाकतात. आता बघा, जपानी लोक सिलॅबल मोजतच नाहीत. आपल्याकडं मात्रावृत्तात दीर्घ अक्षराच्या दोन मात्रा धरतात ना, त्यांची मोजणी त्याच्या जवळची आहे. निप्पोन, म्हणजे जपान, हा शब्द इंग्रजाच्या तोंडी दोन सिलॅबलचा, जपानी माणूस तोच नि-प्-पो-न असा चार मोजतो. तोक्यो, म्हणजे आपलं टोकियो? तो-ओ-क्यो-ओ, परत चार. म्हणजे जपानी सतरात मजकूर थोडा मावतो आणि इंग्रजी सतरात बराच जास्त. म्हणून आजकाल इंग्रजीत मुरलेले हायकूवाले दहा ते चौदा सिलॅबलमधीच थांबतात, काही तर त्याच्याही आत. कोर व्हॅन डेन ह्यूवेल या अमेरिकन कवीचा एक हायकू तर एकाच शब्दाचा आहे, 'टुंड्रा', कोऱ्या पानाच्या मधोमध छापलेला. आता रेडिओवर कोरं पान कसं दाखवणार, तेवढं तुम्ही समजून घ्या.

पण मोजणाऱ्यांना नावं ठेवायची असंही नाही हं. रिचर्ड राइट म्हणून काळा अमेरिकन कादंबरीकार होता, शेवटी पॅरिसात राहायचा, आजारी होता, आणि मरायच्या आधीच्या दीडेक वर्षात त्यानं जवळपास चार हजार हायकू लिहिले, चक्क पाच-सात-पाच मोजून. तो १९६० साली गेला आणि त्यातले निवडक ८१७ पुस्तकात यायला १९९८ उजाडलं. मोजूनही त्याला जमलं कारण त्यानं भरीचे शब्द घातले नाहीत. दोष आकड्याचा नसतो, भरतीचा असतो.

भरती काढणं म्हणजे काय ते अमेरिकन कवी एझ्रा पाउंडकडून ऐकण्यासारखं आहे. पॅरिसच्या मेट्रो स्टेशनात गर्दीतले चेहरे बघून त्यानं आधी तीस ओळींची कविता लिहिली, ती फाडली, सहा महिन्यांनी निम्मी लिहिली, आणि वर्षभरानं उरल्या दोन ओळी, त्या १९१३ला छापल्या. तो काही हायकू नव्हे, पण हायकूचं वारं लागलेलं होतं. तीस ओळींच्या दोन. आपल्याकडं सत्काराच्या भाषणांना हा नियम लावला तर किती बरं होईल, पण जाऊ द्या.

मग हायकूत असतं काय. दोन गोष्टी शेजारी शेजारी ठेवलेल्या असतात आणि मधी एक फट. एक ओळ एकीकडं, दोन ओळी एकीकडं. जपानीत ती फट दाखवायला 'या', 'काना', 'केरी' असले खास शब्द आहेत, इंग्रजीत एक आडवी रेघ मारतात नाहीतर ओळ तोडतात. त्या दोन गोष्टींचा संबंध काय हे कवी सांगत नाही, ते ऐकणाऱ्यानं जोडायचं. बाशो या जुन्या जपानी कवीचा बेडूक सगळ्यांना माहीत आहे, जुनं डबकं, बेडकाची उडी, पाण्याचा आवाज, १६८६चा हायकू. टागोरांनी त्याचं बंगाली केलं, आणि इंग्रजीत त्याची इतकी भाषांतरं झाली की एकानं शंभरावर बेडूक गोळा करून पुस्तकच काढलं. पण मला विचाराल तर सुरुवात बाशोपासून करू नका. त्या बेडकाभोवती इतकं झेन-झेन, म्हणजे जपानी बौद्धांचं ध्यानाचं तत्त्वज्ञान, लोकांनी साठवलंय की नवा माणूस बिचकतो. त्याला जबाबदार बऱ्याच अंशी आर. एच. ब्लाइथ. हा इंग्रज जपानात राहिला, १९४९ ते १९५२ मधी हायकूवर चार जाडजूड खंड काढले, फार मोठं काम, अमेरिकेतली एक अख्खी पिढी त्यावरच शिकली, पण त्याला जिथं तिथं झेनच दिसायचं.

सुरुवात करा शिकीपासून. मासाओका शिकी, जपानी कवी, जन्म १८६७. हायकू हे नाव आज ज्या अर्थानं वापरतो तो यानंच रूढ केला. क्षयानं अंथरुणाला खिळलेला, ३४व्या वर्षी गेला. बाहेर बर्फ पडायलाय आणि याला उठून बघता येत नाही, तर त्यानं लिहिलं काय, एवढंच की परत परत विचारतोय मी, बर्फ किती साचलाय. बस. आजार हा शब्द नाही, दुःख नाही, रडणं नाही. पण परत परत विचारणारा माणूस बिछान्यात असणार, घरातलं कुणीतरी दर वेळी दाराशी जाऊन बघून येत असणार, त्या माणसाला कंटाळा आला असंल का, का मुद्दाम दोन बोटं जास्तच सांगत असंल, हे सगळं आपण भरतो. आपल्याकडच्या कवितेत हीच जागा 'वेदना', 'काळोख', 'आक्रोश' असल्या शब्दांनी आधीच भरलेली असते, मग वाचणाऱ्याला बसायला जागाच उरत नाही.

आता हे आपल्या गावात आणून बघू. पोरं हायकू लिहायलेत म्हटलं की काय लिहून आणतात, तर 'ब्युटिफुल गोल्डन सन, स्लोली सेटिंग, हाउ लव्हली इज नेचर'. इंग्रजी एकदम बरोबर, चूक काढायला जागा नाही, आणि त्यात बघितलेलं काहीच नाही. त्यापेक्षा हे ऐका. हायकू दोनदा वाचायची पद्धत आहे, लहान असतो, पहिल्यांदा निसटतो, म्हणून मी पण दोनदा वाचतो.

टँकर गॉन
ए डॉग लिक्स
द व्हील मार्क

परत एकदा. टँकर गॉन, ए डॉग लिक्स, द व्हील मार्क. टँकर गेला, आणि चाकाच्या ओल्या खुणेला कुत्रं जीभ लावतंय. सातवीच्या पोराला न येणारा एक शब्द तरी यात आहे का? दुष्काळ म्हटलं नाही, पाणीटंचाई म्हटलं नाही. २०१६ला मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आलं हे ज्यानं बघितलंय त्याला सांगायची गरज नाही, आणि कॅनडातल्या वाचणाऱ्याला आकडेवारी देण्यापेक्षा ते कुत्रं लवकर कळतं.

आणि त्यात टँकर हा शब्द उन्हाळा सांगतो. हे महत्त्वाचं आहे. जपानी हायकूत ऋतू सांगणारा एक शब्द असायचाच असा रिवाज, त्याला किगो म्हणतात, आणि असल्या शब्दांचे त्यांच्याकडं कोश असतात, कवी ते जवळ बाळगतात. त्यात बेडूक वसंतातला, नुसता चंद्र म्हटला की तो शरदातला, असं ठरलेलं. आता आपली पोरं तेच उचलतात, 'ऑटम लीव्ह्ज', 'फर्स्ट स्नो', 'चेरी ब्लॉसम'. अरे बाबा, आपल्याकडं ऑक्टोबरात पानं गळतात का? ऑक्टोबरात आपल्याकडं ऊन मी म्हणत असतं आणि सोयाबीनची मळणी चालू असते. पानगळ होते ती शिमग्याच्या आगंमागं, पळस फुलतो तेव्हा. बर्फ तर गारपिटीशिवाय बघितलेला नाही कुणी.

आणि आपल्याकडं ऋतूचा कोश नाही असं कोण म्हणतं? पंचांग उघडा की. पावसाची नक्षत्रं घ्या, रोहिणी, मृग, आर्द्रा, पुनर्वसू, पुष्य, हस्तापर्यंत, आणि प्रत्येकाला वाहन. कुणाचं म्हैस, कुणाचं कोल्हा, गाढव, मोर, बेडूक. म्हातारी माणसं पेरणीच्या टायमाला विचारतात की नाही, यंदा मृगाचं वाहन काय. हत्ती, म्हैस, बेडूक म्हटलं की चेहरा खुलतो, कारण ही पाण्यातली जनावरं, पाऊस भरपूर. पाऊस तसा पडतो का नाही तो भाग वेगळा, हवामान खात्याला विचारा. पण बेडूक हा जपान्यांचा वसंत आणि आपला जून, आणि एकाच जनावरावर दोन्हीकडं माणसं आस लावून बसलेली, हे हायकू लिहिणाऱ्याला फुकटात मिळालेलं धन आहे. त्यात हुरडा घाला, पोळा घाला, ऊसतोडीच्या गाड्या घाला, पाऊस लांबला की दुबार पेरणी आहेच. वेळ अमावस्या घाला, लातूर-धाराशिवकडची, मार्गशीर्षातली. त्या दिवशी सगळं गाव शेतात, आंबिल, भज्जी, बाजरीचे उंडे, आणि शहरात कर्फ्यू लावल्यासारखं.

वेळ अमावस्या—
द सिग्नल टर्न्स ग्रीन
फॉर नोबडी

वेळ अमावस्या, द सिग्नल टर्न्स ग्रीन, फॉर नोबडी. इथं 'वेळ अमावस्या'चं भाषांतर करायचं नाही. तसाच ठेवायचा. इंग्रजी हायकूची मासिकं असले शब्द घेतात, फार तर खाली एका ओळीची टीप मागतात. लंडनच्या वाचणाऱ्याला आपण काय फरशीवरून बोट धरून चालवायचं का, तो शोधंल की.

आता सेनर्यू. खरं सांगू का, मला वाटतं मराठवाड्याच्या माणसाला हायकूपेक्षा हेच लवकर जमंल, कारण टोमणा आपल्या रक्तात आहे. आकार तोच, पण ऋतूचा शब्द लागत नाही, ती फट पण तितकी लागत नाही, आणि विषय माणूस. माणसाची हाव, खोटेपणा, फजिती. १७५७च्या सुमारास एदोत, म्हणजे आजच्या तोक्योत, कारई सेनर्यू म्हणून एक जण स्पर्धांचा परीक्षक झाला. एक ओळ दिली जायची, तिच्यावर लोकांनी कडी जोडायची, आणि निवड हा करायचा. त्यानं निवडलेल्या कड्यांचं पहिलं पुस्तक १७६५ला आलं, लिहिणाऱ्यांची नावंच नाहीत, आणि प्रकाराला नाव पडलं परीक्षकाचं. कवी बिनानावाचे आणि परीक्षक अमर, हे आपल्याकडच्या कविसंमेलनवाल्यांना सांगू नका. तिकडं एका विमा कंपनीनं १९८७ला ऑफिसात नोकरी करणाऱ्यांसाठी सुरू केलेली सेनर्यूची स्पर्धा आजही चालू आहे, बॉसवर, बायकोवर, पगारावर, लोक भरभरून पाठवतात.

आपल्याकडं हे काम पैठणला नाथांनी भारुडात करून ठेवलंय. ती सून देवीला नवस बोलते की सासरा गावाला गेलाय तर त्याला तिकडंच खपव, ऐकताना आपण हसतो आणि हसता हसता कुणाच्या तरी घरची गोष्ट आठवते. फरक एवढाच, भारूड शेवटी वळून अध्यात्म सांगतं, सेनर्यू काही सांगायला थांबत नाही. लातूरच्या क्लासेसच्या गल्लीत बसून लिहिलेला हा घ्या.

नीट रिझल्ट
द अंकल हू नेव्हर कॉल्स
कॉल्स

कधीच फोन न करणारा काका, नीटचा रिझल्ट लागला की फोन करतो. मार्क किती पडले ते सांगितलेलं नाही, आणि काका अभिनंदनाला फोन करायलाय का दुसऱ्याच कशाला, ते ज्याच्या त्याच्या काकावर आहे. आणि एक,

गेस्ट्स लीव्हिंग—
द रिअल टॉक बिगिन्स
ॲट द गेट

हे तर घरोघरी. तीन तास सोफ्यावर हवापाणी आणि फाटकाशी चप्पल घालून उभं राहिलं की जमिनीची वाटणी निघते.

लिहायचं असंल तर आधी मराठीत लिहून मग इंग्रजी करू नका, दोन्ही बिघडतं. जे दिसलं ते सरळ वर्तमानकाळात लिहा. 'लाइक' म्हणजे सारखं, हा शब्द काढून टाका, उपमा दिली की फट बुजते. शेवटच्या ओळीत अर्थ सांगायचा मोह होतो, ती ओळ खोडा. बऱ्याचदा खोडल्यावर उरलेल्या दोन ओळीच चांगल्या असतात आणि मग तिसरी शोधायला परत बाहेर जावं लागतं, जावं. वाचायला मॉडर्न हायकू नावाचं नियतकालिक आहे, १९६९ पासून चालू, अमेरिकेच्या हायकू सोसायटीचं फ्रॉगपाँड आहे, आणि द हेरन्स नेस्ट नेटवर फुकट वाचता येतं. मराठी माणसासाठी जवळचं म्हणजे कला रमेश, इंग्रजी हायकू लिहितात आणि पुण्यात शिकवलंय पण त्यांनी.

असल्या ठिकाणी हायकू पाठवायला पैसे लागत नाहीत, मिळत पण नाहीत बहुतेक. फक्त एक ध्यानात ठेवा, आधी फेसबुकवर टाकलेली रचना काही संपादक छापील समजतात आणि परत करतात, म्हणून चांगली जमली की लगेच स्टेटसला ठेवू नका, चुलतभावांचे अंगठे महिनाभर थांबतील. मृग जवळ आलाय, यंदाचं वाहन काय ते बघून घ्या. नमस्कार.