आता कुणाची पाळी?

मंडळी, ‘डाव’ या एका मराठी शब्दात किती गोष्टी मावतात पाहा. पत्त्यांचा डाव म्हणजे अख्खा खेळ. ‘आता तुझा डाव’ म्हणजे तुझी पाळी. आणि ‘त्यानं डाव साधला’ म्हणजे त्यानं नेमकी संधी पकडली. टेबलटॉप रोल-प्लेइंग गेममध्ये लढाई सुरू होते तेव्हा हे तिन्ही अर्थ एकमेकांत गुंततात. लढाईत कुणी कधी जायचं हे ठरवण्याला खेळणारे ‘इनिशिएटिव्ह’ म्हणतात. मी मात्र आज पाळी हाच शब्द वापरणार आहे.

हा खेळ इथं बसलेल्या पुष्कळांनी पाहिलेला नसेल, म्हणून थोडक्यात सांगतो. पाच-सहा जण टेबलाभोवती बसतात. एक जण सगळं जग चालवतो, त्याला आम्ही डीएम म्हणतो. बाकीचे प्रत्येकी एक पात्र घेतात. कुणी योद्धा, कुणी मांत्रिक, कुणी चोर. आपलं पात्र काय करतं ते बोलून सांगायचं, आणि जिथं शंका असेल तिथं फासा टाकायचा. पेडण्यात जत्रेला दशावतार पाहिला असेल त्यांना हे लगेच कळेल. आख्यान ठरलेलं असतं, पण लिहिलेली संहिता हातात नसते. संवाद तिथल्या तिथं सुचतात. आमच्याही खेळात एरवी कुणीही केव्हाही बोलावं अशी मुभा असते. तलवार उपसली की मात्र ती मुभा संपते, आणि पहिला प्रश्न येतो : आधी कोण?

प्रश्न साधा वाटतो, पण त्याच्या मुळाशी मोठी अडचण आहे. गोष्टीतली लढाई एकाच वेळी सगळीकडे चाललेली असते. टेबलावर मात्र एका वेळी एकाचंच ऐकू येतं. एकदम घडणारं सगळं एकामागून एक सांगायचं कसं, याची उत्तरं लोक दोनशे वर्षं शोधत आलेत.

१८२४ मध्ये प्रशियाच्या सैन्यात राइसविट्झ नावाच्या अधिकाऱ्यानं नकाशावरचा युद्धखेळ मांडला. त्यात एक पाळी म्हणजे रणांगणावरची दोन मिनिटं. दोन्ही बाजूंनी आपले हुकूम पंचाकडे द्यायचे आणि पंचानं दोन्हींचा निकाल एकत्र लावायचा. म्हणजे ‘आधी कोण’ हा प्रश्नच पंचानं स्वतःकडे घेतला. पुढे १९७१ मध्ये गॅरी गायगॅक्स आणि जेफ पेरन यांच्या ‘चेनमेल’ या सैनिकी खेळात दोन वाटा दिल्या होत्या. एकीत दोन्ही बाजूंनी फासा टाकायचा आणि जिंकणाऱ्यानं आधी चालायचं की मागून ते ठरवायचं. दुसरीत दोघांनी आपापले हुकूम लिहून ठेवायचे आणि मग सगळं एकदम हलवायचं. त्याच मुळातून १९७४ मध्ये गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांचा ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ आला.

पुढची पंचवीस वर्षं हे नियम सारखे हलत राहिले. १९८१ च्या बेसिक आवृत्तीत प्रत्येक बाजूसाठी एक सहा बाजूंचा फासा, आणि फेरी दहा सेकंदांची. १९८९ च्या दुसऱ्या आवृत्तीत आधी सगळ्यांनी काय करणार ते जाहीर करायचं, मग दहा बाजूंचा फासा, आणि कमी आकडा त्याची पाळी आधी. हवं असेल तर त्यात शस्त्राचा वेगही मिळवायचा. खंजिराचे २, दोन हातांनी पेलायच्या तलवारीचे १०. मला हा नियम फार आवडतो, कारण हातातल्या वस्तूचं वजन त्यात जाणवतं. पण दर फेरीला नवी बेरीज करता करता टेबल थकतं, हेही खरं. २००० साली तिसरी आवृत्ती आली आणि तिनं गोष्ट सोपी केली. वीस बाजूंचा फासा, त्यात चपळाईचा आकडा, लढाईच्या सुरुवातीला एकदाच. मग तोच क्रम फिरत राहतो. फेरी सहा सेकंदांची. आज बहुतेक टेबलांवर हेच चालतं.

आता आधी जाण्याचा फायदा किती असतो? हे मोजून पाहण्यासारखं आहे. समजा दोघेच लढतायत, दोघांचाही वार दोनदा टाकला तर एकदा लागतो, आणि एका वारात समोरचा संपतो. पहिला वार करणारा तिनात दोनदा जिंकतो. ताकद सारखी, शस्त्र सारखं, फरक फक्त पाळीचा. आता वीस बाजूंच्या फाशावर एकाला चपळाईचे ३ मिळाले आणि दुसऱ्याला काहीच नाही, तर पहिला साधारण शंभरात ६२ वेळा आधी जातो, ३४ वेळा मागून, आणि ४ वेळा बरोबरी होते. म्हणजे लहानसा आकडाही स्वस्त नाही. सबंध बाजूनं एकदम जायचं असेल तर हे आणखी तीव्र होतं. चौघांनी मिळून पहिल्याच झटक्यात समोरच्या चौघांपैकी दोघे पाडले, तर उलटा वार करायला उरतात दोनच. म्हणून मला प्रत्येकाचा वेगळा क्रम बरा वाटतो. त्यात घाव एकमेकांत मिसळतात आणि सावरायला वाव मिळतो.

याचीच दुसरी बाजू एकट्या राक्षसाची. पाच वीर आणि एक ड्रॅगन असेल तर फेरीत त्यांच्या पाच पाळ्या, त्याची एक. कितीही बलाढ्य असला तरी बिचारा नुसता मार खात उभा राहतो. २०१४ च्या पाचव्या आवृत्तीनं यावर चांगला तोडगा काढला. अशा प्राण्याला फेरीत तीन जादा कृती दिल्या, पण त्या दुसऱ्या कुणाची पाळी संपली की लगेचच करायच्या. त्यामुळे ड्रॅगनची शेपटी अधूनमधून सगळ्यांच्या पाळ्यांमध्ये फिरत राहते.

पण मला आज खरं बोलायचं आहे ते वाट पाहण्याबद्दल.

हिशेब करा. पाच खेळाडू, प्रत्येकाला दोन मिनिटं. डीएमकडे चार राक्षस, त्यांना चार मिनिटं. एक फेरी चौदा मिनिटांची झाली. त्यातली दोन मिनिटं तुमची, बारा मिनिटं तुम्ही बसून. तीन फेऱ्यांची लढाई पाऊण तासाला थोडी कमी पडते, आणि गोष्टीत तेवढ्यात उलटलेले असतात अठरा सेकंद.

दोन वर्षांपूर्वी श्रावणात आमच्या सोप्यावर खेळ चालला होता. एक कॉलेजची मुलगी पहिल्यांदाच आली होती. तिच्या फाशावर ३ पडले, म्हणून ती क्रमात शेवटी. तिची पाळी यायच्या आतच एका राक्षसाच्या मंत्रानं तिचं पात्र जखडलं गेलं. पाळी आली तेव्हा मी म्हणालो, ‘तू या फेरीत काही करू शकत नाहीस.’ तिनं शांतपणे कोकणीत विचारलं, ‘मागीर हांवें कितें करप?’ म्हणजे, मग मी काय करायचं? माझ्याकडे उत्तर नव्हतं. नियमाप्रमाणे मी बरोबर होतो. पण अर्धा तास वाट पाहून आलेल्या माणसाला मी रिकाम्या हातानं परत पाठवलं होतं. त्या रात्री मला झोप लागली नाही, आणि तेव्हापासून मी पाळीकडे वेगळ्या नजरेनं पाहायला लागलो.

त्याच महिन्यात वास्कोला दामोदराच्या सप्ताहाला गेलो होतो. चोवीस तास अखंड भजन. पथकं पाळीपाळीनं गातात, पण साखळी तुटत नाही. एकाचं गाणं संपत येतं तोवर पुढचे तयार असतात. आणि मुख्य म्हणजे, जो गात नाही तो गप्प नसतो. टाळ वाजत असतात, मागून झील धरली जाते. पाळी एकाची, पण हात सगळ्यांचे चाललेले. मला वाटलं, आपल्या टेबलावर झील धरायला जागा कुठं आहे?

शोधलं तर नियमांतच सापडते. पाचव्या आवृत्तीत प्रत्येकाला फेरीत एक ‘रिॲक्शन’ असते. शत्रू तुमच्या हाताशी असताना पळायला लागला तर त्याच्या पाळीत तुम्ही वार करू शकता. किंवा आपल्या पाळीत सांगून ठेवायचं की दार उघडलं की बाण सोडीन, आणि मग दाराकडे डोळे लावून बसायचं. ही झील आहे. ज्याच्याकडे अशी काही कृती राखून आहे तो दुसऱ्याच्या पाळीत कान देऊन ऐकतो. म्हणून मी डीएम म्हणून आता जखडणारे मंत्र फार जपून वापरतो, आणि वापरलेच तर त्या खेळाडूच्या हाती एखादा राक्षस चालवायला देतो.

इतर खेळांनीही वाटा काढल्यात. ‘सॅव्हेज वर्ल्ड्स’मध्ये दर फेरीला पत्ते वाटतात. एक्का सर्वांत आधी, दुर्री शेवटी, आणि जोकर आला तर फेरीत वाटेल तेव्हा जा, वर फाशात २ जास्त. आपल्याकडे पत्ते घरोघरी असतात, त्यामुळे नव्या माणसाला हे एका मिनिटात समजतं. २०१२ च्या ‘मार्व्हल हिरोइक’मध्ये पाळी ठरवायला फासाच नाही. ज्याची पाळी संपली त्यानं पुढचा निवडायचा. वरवर पाहता सगळे वीर आधी जातील असं वाटतं. पण फेरीतला शेवटचा पुढच्या फेरीचा पहिला निवडतो. खलनायकांना शेवटी ठेवलंत तर ते पुन्हा स्वतःलाच निवडतात आणि लागोपाठ दोनदा तुमच्यावर तुटून पडतात. त्यामुळे कुणाला मध्येच पाळी द्यायची याची चर्चा टेबलावर आपोआप सुरू होते. पहिल्यांदा खेळलो तेव्हा बारा मिनिटं गप्प बसणारी माणसं एकमेकांची नावं घेऊन बोलत होती. मला ते फार भावलं.

मी स्वतः काय करतो तेही सांगतो. क्रम फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहितो. पाळी पुकारताना दोन नावं घेतो, आता अमुक, मग तमुक. दुसऱ्यानं तेवढ्यात ठरवून ठेवायचं, पथकानं तबला जुळवून ठेवावा तसं. सगळे राक्षस एकाच पाळीत न घेता दोन ठिकाणी वाटतो. एवढ्यानं आमची फेरी चौदाची नऊ मिनिटांवर आली.

ती मुलगी अजून येते. गेल्या महिन्यात तिच्या फाशावर १ पडला. तिनं फळ्यावर आपलं नाव सर्वांत खाली स्वतः लिहिलं, आणि वरच्या चौघांना विचारायला लागली, ‘तुमच्यापैकी कोण त्या राक्षसाला माझ्या दिशेनं ढकलेल?’