कुदळीवर कुदळ

श्रोतेहो, नमस्कार.

हिब्रू लिपीविषयी बोलताना मी नेहमी जेरुसलेममधल्या एका बोगद्यापासून सुरुवात करतो. १८८० साली शिलोह कुंडाजवळ पाण्यात खेळणारी काही मुले त्या बोगद्यात शिरली आणि कुंडाच्या तोंडापासून थोड्याच अंतरावर त्यांच्यापैकी एकाला भिंतीवर कोरलेली अक्षरे दिसली. बोगदा सुमारे ५३३ मीटर लांबीचा आणि नागमोडी आहे. असिरियाच्या स्वारीच्या धास्तीने यहूदा राज्याचा राजा हिज्कीया याने गिहोन झऱ्याचे पाणी तटाच्या आत आणण्यासाठी इसवी सनापूर्वीच्या आठव्या शतकाच्या अखेरीस तो खोदवला, असे बहुतेक अभ्यासक मानतात. खोदाई दोन्ही टोकांकडून एकाच वेळी चालली होती.

भिंतीवरच्या त्या लेखाच्या सहा ओळी सांगतात की तीन हात खडक फोडायचा उरला असताना पलीकडच्या माणसाची हाक ऐकू आली, मग कुदळीवर कुदळ आली, पाणी झऱ्यापासून कुंडापर्यंत बाराशे हात वाहिले आणि खोदणाऱ्यांच्या डोक्यावर शंभर हात उंचीचा खडक होता. टिकून राहिलेल्या मजकुरात राजाचे नाव कुठेही नाही! आपल्याकडे साध्या बसथांब्यावरही पुढाऱ्यांच्या नावांची पाटी झळकते, म्हणून मला हा लेख फार आवडतो. पुढे चोरांनी तो भिंतीतून कापून काढला, त्यात त्याचे तुकडे झाले. त्या वेळी तिथे ऑटोमन राज्य असल्यामुळे तो आज इस्तंबूलच्या संग्रहालयात आहे.

आता मुद्द्याची गोष्ट. हा लेख हिब्रू भाषेतला आहे, परंतु त्याची अक्षरे आजच्या हिब्रू पुस्तकांतली नाहीत. ती फिनिशियन, म्हणजे भूमध्य समुद्राच्या पूर्व किनाऱ्यावरच्या व्यापारी लोकांच्या, लिपीच्या घराण्यातली जुनी अक्षरे आहेत. इसवी सनापूर्वी ५८६ मध्ये बॅबिलोनने जेरुसलेम पाडले, पुढे पर्शियन साम्राज्याचा कारभार अरामी भाषेत चालला आणि ज्यूंनी हळूहळू अरामी वळणाची चौकोनी अक्षरे स्वीकारली. पुन्हा सांगतो: भाषा हिब्रूच राहिली, अक्षरे मात्र अरामी आली. मोडी सोडून देवनागरीत छापू लागलेल्या मराठीच्या वाचकांना हे नवल वाटू नये. मोडी शाळेत थोडी तरी शिकवावी, हा माझा हट्ट मात्र कायम आहे. जुन्या हिब्रू अक्षरांची वंशज लिपी शोमरोनी (समॅरिटन) हा ज्यूंशी नाते असलेला छोटा समाज आजही धर्मग्रंथासाठी वापरतो.

जुन्या आणि नव्या दोन्ही वळणांत अक्षरे बावीसच, सगळी व्यंजने, आणि लेखन उजवीकडून डावीकडे. काही व्यंजनांकडूनच दीर्घ स्वरांचे काम करून घेतले जाई. बोलण्यातली हिब्रू मावळल्यावर पवित्र ग्रंथाचा उच्चार टिकावा म्हणून विद्वानांनी अक्षरांच्या खाली-वर स्वरांच्या खुणा घातल्या. त्यांतली तिबेरिया नगराची पद्धत रूढ झाली. आपल्या कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंची घरची भाषा मराठी आणि प्रार्थनेची हिब्रू. त्यांच्यासाठी स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ साली मुंबईत हिब्रूचे व्याकरण मराठीतून छापले.

१८८१ साली जेरुसलेमला आलेल्या एलिएझर बेन येहुदा यांनी आणि त्यांच्यासारख्या शिक्षकांनी हिब्रू पुन्हा घरात आणि वर्गात बोलायला लावली आणि १९२२ साली ब्रिटिश अमलाखालच्या पॅलेस्टाईनमध्ये ती एक अधिकृत भाषा झाली. आज स्वरांच्या खुणा प्रार्थनापुस्तकांत, कवितांत आणि लहान मुलांच्या पुस्तकांत दिसतात. वर्तमानपत्र मात्र त्यांच्याविनाच छापले जाते आणि स्वर वाचकाने संदर्भावरून ओळखायचे असतात.